अभ्र्यातले पैसे आणि आमच्या सिस्टर

आधीच सांगते, माझं अक्षर वाईट आहे आणि ऱ्हस्व-दीर्घ मला कधीच जमलं नाही. शाळा चौथीपर्यंत झाली, तीही गावाला, आणि त्यातलं एक वर्ष धाकट्या भावाला कडेवर घेण्यात गेलं. ही वही कुणाला दाखवायची म्हणून लिहीत नाही. तरी चुकून कुणाच्या हाती लागली, तर त्याने माझ्या चुका पोटात घालाव्यात. ज्यांच्याबद्दल लिहिते आहे त्या सिस्टर माझ्या अक्षरापेक्षा पुष्कळ चांगल्या होत्या.

बोरिवलीला गावठाणाच्या टोकाला म्हाताऱ्या माणसांचा एक आश्रम आहे. ख्रिस्ती सिस्टर लोक तो चालवतात. रिक्षावाल्याला नुसतं 'म्हाताऱ्यांचा आश्रम' सांगितलं तरी तो आणून सोडतो. तिथे कुठल्याही जातीचं, धर्माचं माणूस घेतात. अट एकच, की त्याला सांभाळणारं कोणी नसावं. मी तिथे लॉन्ड्रीत कामाला होते. सिस्टर तिथे आठदहा होत्या, पण नुसतं 'सिस्टर' म्हटलं की आम्हा कामवाल्यांसाठी त्या एकच. त्यांचं खरं नाव लांबलचक होतं, माझ्या जिभेवर ते कधी बसलं नाही.

लिहायला बसले त्याचं कारण एक देणं आहे. मी त्या आश्रमाचे अठरा हजार रुपये देणं लागत होते. ते कसं झालं ते सांगेनच, पण आधी सिस्टर कशा होत्या ते सांगते.

सिस्टर वसईच्या. बुटक्या, काळ्यासावळ्या, आवाज असा की मागच्या अंगणातून हाक मारली तर गेटवरचा वॉचमन उभा राही. अंगावर पांढराशुभ्र झगा आणि पायात मेलेल्या माणसाच्या चपला. खोटं सांगत नाही. आश्रमात कोणी गेलं की त्याचे कपडे वाटले जात, पण चपला कोणी घेत नसे. त्या सिस्टर घालायच्या. कधी बायकी, कधी पुरुषी, कधी दोन बोटं मोठ्या. मी एकदा धीर करून विचारलं, "सिस्टर, भीती नाही वाटत?"

"कसली भीती गं बाय? या फर्नांडिस बाबाच्या. बिचारा लंगडायचा, बघ, डावी किती झिजली ती. मी चालते ना, तेव्हा त्याची आठवण होते. फोटो लावून काय होतं? भिंतीवरचा फोटो कोण बघतो?"

दर दोनतीन महिन्यांनी चपला बदलायच्या. त्यावरून आम्हाला कळायचं, आता सिस्टर कुणाची आठवण काढून चालताहेत.

आश्रमाला कुणाची बांधलेली मदत नाही, म्हाताऱ्यांकडून फी नाही. सगळं मागून आणायचं, हा त्यांचा पहिल्यापासूनचा नियम. मागून आणायचं काम सिस्टरांकडे. सोमवारी मालाडचा बाजार, बुधवारी बोरिवलीचा. जुना टेम्पो, ड्रायव्हर आणि सिस्टर. त्याला त्या 'कलेक्शन' म्हणत. कांदेवाला तोंड वाकडं करून म्हणायचा, "सिस्टर, गेल्या सोमवारी दिले की."

"गेल्या सोमवारी दिलेस ते गेल्या सोमवारी खाल्ले. म्हातारे लोक आहेत रे, उंट नाहीत. साठवून ठेवत नाहीत."

तो हसून अर्धी गोण द्यायचा. पण सडका माल दिला तर सिस्टर तिथेच खाली ओतायच्या. एकदा एका मोठ्या दुकानदाराने तारीख उलटलेल्या बिस्किटांची खोकी गाडीत चढवली. सिस्टरांनी एक पुडा फोडला, एक बिस्किट स्वतः तोंडात टाकलं, एक त्याच्यापुढे धरलं. "घे. आधी तू खा. देवाच्या नावाने दिलंयस ना, मग तूही खा." त्याने खाल्लं नाही. खोकी खाली उतरली. पुढच्या आठवड्यात त्याने ताजी खोकी पाठवली आणि तेव्हापासून तो सिस्टरांना बघून उभा राहायचा.

शाळेची मुलं किंवा मोठे पाहुणे आश्रम बघायला आले की त्यांना आश्रमाचा इतिहास सांगायचं काम सिस्टरांवर येई, कारण मराठी, हिंदी, इंग्रजी तिन्ही त्यांना येत. इतिहास असा, की पूर्वी इथे सगळी शेतं आणि खाडीकाठचं खाजण होतं. परदेशातून तीन सिस्टर आल्या. गावठाणातल्या एका माणसाने त्यांना दोन खोल्या दिल्या. त्यांच्याकडे दोन लोखंडी खाटा, एक पातेलं आणि येशूला वाढवणाऱ्या जोसेफबाबाची एक मूर्ती होती. बास, एवढंच. इथपर्यंत गोष्ट नेहमी सारखी. पुढे पहिली म्हातारी कोण आली, हे मात्र दर वेळी बदलायचं. कधी ती खाडीवरची आंधळी कोळीण असे, कधी गिरणीत हात गेलेल्या माणसाची विधवा, कधी रेल्वेच्या फाटकावरचा म्हातारा.

मी म्हटलं, "सिस्टर, परवा तर कोळीण सांगितली होती."

"सगळे आले होते. पहिलं कोण आलं ते कुणी लिहून ठेवलंय? मग एकालाच मान का द्यायचा? पाळीपाळीने देते."

मला सर्वांत आवडायची ती बोंबलाची गोष्ट. पहिलं दान म्हणून एका कोळणीने टोपलीभर सुके बोंबील आणून दिले. त्या गोऱ्या सिस्टरांना ते काय हे कळेना. त्यांनी सगळी टोपली पातेल्यात टाकून दिवसभर सूप म्हणून उकळली. संध्याकाळी अख्खं गावठाण नाक धरून दारात गोळा झालं, की आत मेलं कोण. मग त्या कोळणीनेच आत शिरून पातेलं ओतलं, पदर खोचला आणि कालवण कसं करतात ते दाखवलं. सिस्टर सांगायच्या, "तेव्हापासून आम्ही मागायला शिकलो, आणि विचारायलाही." सिस्टरांचा तेव्हा जन्मही झाला नव्हता, पण सांगताना त्या स्वतः नाक धरायच्या.

आता माझी चूक.

मी कामाला लागून तीन आठवडे झाले होते. मी फार बुजरी. लहानपणापासून तशीच. दुकानात उभी राहिले तरी दुकानदाराने स्वतः विचारल्याशिवाय माझ्या तोंडून शब्द निघायचा नाही. आश्रमात मी मागच्या दाराने यायची आणि मागच्या दाराने जायची. पुढच्या ओसरीवर जोसेफबाबाची मूर्ती आहे हे मला माहीत होतं, पण तिथे जायचं कारण नव्हतं.

त्या लोकांची एक रीत आहे. घरात जी वस्तू संपली, ती मागायची म्हणून तिचा नमुना जोसेफबाबाच्या पायाशी ठेवायचा. तेल संपलं तर रिकामी बाटली. बटाटे संपले तर एक बटाटा. ते मला तेव्हा कोणी सांगितलं नव्हतं. त्या दिवसांत आश्रमाला कपडे धुण्याचं मोठं मशीन घ्यायचं होतं. सत्तर माणसांच्या चादरी आम्ही दोघी बायका हाताने धुवायचो. म्हणून सिस्टरांनी नमुना म्हणून जोसेफबाबाच्या पायाशी उशीचा एक अभ्रा ठेवला होता, हाताने धुऊन न निघालेल्या पिवळ्या डागांचा. इथपर्यंत ठीक. पण मशीनसाठी जे पैसे जमत होते, तेही त्या त्याच अभ्र्यात ठेवायच्या. ऑफिसात दिले तर ते औषधात आणि गॅसमध्ये जातात, आणि जोसेफबाबाच्या पायाशी कोण हात लावणार, असं त्यांचं म्हणणं. पैसे पडू नयेत म्हणून त्यांनी अभ्र्याला वर घट्ट गाठ मारली होती.

आता लॉन्ड्रीची रीत ऐका. गाठ मारलेला कपडा म्हणजे आजाऱ्याचा कपडा. तो उघडायचा नाही, हाताने चाचपायचा नाही. लाकडी दांडक्याने उचलायचा आणि तसाच उकळत्या पाण्यात सोडायचा. सोडा आणि ब्लीचिंग पावडर टाकून चांगला अर्धा तास उकळायचा, मगच गाठ सोडायची. पहिल्या दिवशी मला हेच शिकवलं होतं आणि मी ते नीट पाठ केलं होतं.

त्या सकाळी झाडूवाली आली नव्हती म्हणून मला पुढची ओसरी झाडायला पाठवलं. बघते तर देवाच्या पायाशी आजाऱ्याचा घाणेरडा अभ्रा. मला वाईट वाटलं. त्यांचा देव असला तरी देवच ना. ओसरीच्या त्या टोकाला दोन सिस्टर बोलत उभ्या होत्या. मनात आलं, विचारावं का. पाय दोन पावलं पुढे गेलेसुद्धा. पण त्या इंग्रजीत बोलत होत्या, आणि माझी जीभ टाळ्याला चिकटली. मी झाडूच्या दांड्याने अभ्रा उचलला आणि मागे नेऊन पातेल्यात सोडला.

अर्ध्या तासाने पाणी हिरवट दिसायला लागलं. मी गाठ सोडली.

आत नोटा होत्या. पन्नास हजारांच्या. काही पार पांढऱ्या झालेल्या, काहींचा लगदा, काही एकमेकींना चिकटलेल्या. मी तिथेच ओल्या फरशीवर बसले. मला वाटलं, आता पोलीस येणार. चोर म्हणणार. पैसे काढून घेतले आणि कागद उकळले म्हणणार.

सिस्टर आल्या. त्यांनी पातेल्यात बघितलं. मग बाह्या वर सारल्या आणि म्हणाल्या, "ऊठ. चिमटे आण."

आम्ही दोघींनी मिळून एकेक नोट सोडवली आणि कपडे वाळत घालायच्या दोरीवर चिमट्यांनी लावली. आश्रमातले म्हातारे खुर्च्या ओढून बघायला बसले. एक आजोबा म्हणाले, "सिस्टर, माझी पेन्शनपण धुऊन द्या." सिस्टर त्यांच्यावर ओरडल्या आणि पुढची नोट दोरीवर लावली. हे पैसे त्यांनी सात महिने फिरून जमवले होते.

दुसऱ्या दिवशी त्या मला घेऊन बँकेत गेल्या. काउंटरवरच्या माणसाने नोटा चिमटीत धरल्या. "सिस्टर, हे काय? धुतल्या की काय?"

"धुतल्या नाहीत, उकळल्या. वास घेऊन बघ, तुझ्या बँकेत इतके स्वच्छ पैसे नसतील."

ज्यांचे नंबर वाचता आले त्या नोटा त्यांनी बदलून दिल्या. चौदा हजार मिळाले. छत्तीस हजार गेले.

आश्रमाच्या मुख्य, मोठ्या मदरनी आम्हा दोघींना ऑफिसात बोलावलं. मदर मंगळूरच्या, स्वभावाने फार मऊ. त्यांनी हिशेबाची मोठी वही उघडली आणि सिस्टरांना हिंदीत म्हणाल्या, "छोड़ दो सिस्टर. माफ लिख देती हूँ. गरीब औरत है."

त्यांनी चांगल्या मनानेच म्हटलं. पण सिस्टर ताडकन म्हणाल्या, "गरीब आहे म्हणून माफ? मदर, चूक केली ती काय गरिबीने केली? अर्धी चूक माझी, मी पैसे बँकेत टाकले नाहीत. अर्धी हिची, हिने विचारलं नाही. मला माफ करणार का तुम्ही?"

मदर म्हणाल्या, "तुमको भी किया."

"मला नको." मग माझ्याकडे वळल्या. "आणि तुला? तुला माफी पाहिजे की फेडायचंय?"

मी मान हलवली.

"मान हलवू नको. मला काय कळणार त्यातून? बोल."

माझा पगार तेव्हा साडेतीन हजार होता. जोगेश्वरीला खोलीचं भाडं, पोरीची शाळा, नवरा वॉचमन. माफी घ्यावी असं माझं पोट म्हणत होतं. पण माफी घेतली असती तर रोज त्या मागच्या दाराने आत येताना मी कोण म्हणून आले असते? ज्या बाईने पैसे उकळले आणि गरीब म्हणून सोडून दिली, ती.

"फेडते," मी म्हटलं. त्या ऑफिसात मी बोललेला तो पहिला शब्द.

मदरनी मान हलवली आणि वहीत 'माफ' लिहिलंच. सिस्टर बाहेर येऊन म्हणाल्या, "लिहू दे. त्यांचं काम त्या करतात. आपलं आपण करू." छत्तीस हजारांचे अर्धे अठरा माझे, अर्धे अठरा त्यांचे. मी महिन्याला दोनशे द्यायचे. त्यांच्याकडे स्वतःचा एक पैसा नव्हता, त्यांना तशी परवानगीच नसते. म्हणून त्यांनी गुरुवारची दुपारची विश्रांती सोडली. गुरुवारी जे जास्तीचं कलेक्शन मिळेल ते त्यांच्या अठरा हजारांत धरायचं, असं त्यांनी जोसेफबाबाला सांगून टाकलं.

त्या दिवसापासून सोमवारी मला टेम्पोत बसवून मालाडला न्यायला लागल्या. मशीन येईपर्यंत लॉन्ड्रीचं काम सकाळी लवकर उरकून यायचं. नवऱ्याने ऐकलं तेव्हा तो म्हणाला, "गो, ती बाई तुका भीक मागूक लावता?"

मी म्हटलं, "विचारायला शिकवतात."

"त्येका टेम्पो कित्याक व्हयो?"

विचारायला शिकायला मालाडपर्यंत का जावं लागतं, हे मला पहिल्याच सोमवारी कळलं. सिस्टर भाजीवाल्यासमोरच्या पायरीवर बसल्या. "मी थकले. तू माग." मी भाजीवाल्यापुढे जाऊन उभी राहिले. पाव तास उभी. शेवटी तोच म्हणाला, "काय देऊ ताई?"

"काही नाही," मी म्हटलं आणि परत आले.

सिस्टर इतक्या हसल्या की पायरीवरून घसरल्या. "अगं, देतो म्हणत होता तो! देणाऱ्याला नाही म्हणून आलीस!" तिसऱ्या सोमवारी माझ्या तोंडून निघालं, "आश्रमात सत्तर म्हातारी माणसं आहेत हो. पालेभाजी द्या." त्याने चार जुड्या दिल्या. मी त्या छातीशी धरून टेम्पोपर्यंत आले. सिस्टर म्हणाल्या, "बस. आज एवढंच. जास्त मागितलंस तर उद्या निवडणुकीला उभी राहशील."

पाच महिन्यांनी कलेक्शनचे पैसे पुरे होऊन मशीन आलं. मी ते चालवायला शिकले. दर महिन्याच्या सात तारखेला पगार झाला की मी दोनशे रुपये सिस्टरांच्या हातात द्यायची. त्या मोजायच्या. दोन नोटा, तरी मोजायच्या. मग खिशातून एक छोटी वही काढून मला द्यायच्या. "तू लिही. तुझं देणं, तुझं अक्षर." मी तारीख, दोनशे आणि माझी सही लिहायची. त्यामुळे लिहिण्याची सवय राहिली, नाहीतर चौथीचं मी कधीच विसरले असते. पैसे त्या दिवसाच्या कलेक्शनमध्ये जायचे.

चौदा महिन्यांनी एका गुरुवारी त्या लॉन्ड्रीत आल्या आणि माझ्या पाठीत एक धपाटा घातला. "माझे अठरा पुरे झाले. मी सुटले. तुझे किती?"

"अजून पंधरा हजार दोनशे."

"हळूहळू ये. मी पुढे जाऊन थांबते." आणि पुढच्या गुरुवारी दुपारी त्या खरंच झोपल्या. घोरण्याचा आवाज लॉन्ड्रीपर्यंत आला.

एक विडीची गोष्ट लिहिते, नाहीतर राहून जाईल. आश्रमात एक म्हातारे होते, पूर्वी गोदीत हमाली करायचे. शेवटच्या दिवसांत त्यांचं अन्न सुटलं. फक्त म्हणत, "एक विडी." डॉक्टर नाही म्हणाले, मदर नाही म्हणाल्या. सिस्टर माझ्यासमोर पानाच्या गादीवर गेल्या, अंगावर पांढरा झगा, गळ्यात क्रूस. "एक विडी दे."

पानवाला बघतच राहिला. "सिस्टर, तुम्ही?"

"मला नको रे. एक म्हातारा जायला निघालाय, त्याला पाहिजे. पैसे नाहीत माझ्याकडे."

त्याने अख्खं बंडल पुढे केलं. सिस्टरांनी त्यातली एकच घेतली. म्हाताऱ्यांनी दोनच झुरके घेतले, खोकले, हसले. उरलेली विडी सिस्टरांनी जोसेफबाबाच्या पायाशी नेऊन ठेवली. मदर रागाने लाल झाल्या. "ये क्या है सिस्टर?" सिस्टर म्हणाल्या, "नमुना. वर गेल्यावर त्यांना मिळावी म्हणून." दोन दिवसांनी म्हातारे गेले. पुढचे तीन महिने सिस्टर त्यांच्या मोठ्या चपला घालून फटाक फटाक करत फिरल्या.

माझा नवरा एकदा सोसायटीत टाकी साफ करताना शिडीवरून पडला. पाय मोडला. दोन महिने पगार नाही. मी हप्ता दिला नाही, आणि लाजेने सिस्टरांसमोरही गेले नाही. तिसऱ्या महिन्यात एका रविवारी त्या जोगेश्वरीला आमच्या चाळीत आल्या. ड्रायव्हरच्या खांद्यावर तांदळाची गोण, त्यांच्या स्वतःच्या हातात डाळ, तेल आणि कोंबडीची एक पिशवी. सगळी चाळ गॅलरीत उभी. सिस्टरांनी नवऱ्याचा पाय बघितला, प्लास्टरवर टिचक्या मारल्या, चहा घेतला. उठताना माझ्यापुढे तळहात धरला.

"काय?"

"हप्ता. तीन महिन्यांचे सहाशे. सगळे नसतील तर एकाचे दे."

शेजारीण मोठ्याने म्हणाली, "कसली ही सिस्टर! एका हाताने देते, दुसऱ्या हाताने घेते."

मला मात्र हसू आलं. दोन महिन्यांत पहिल्यांदा. सगळे आमच्याकडे आले की अरेरे म्हणून जात होते. घरात येऊन माझ्याकडे काही मागणारं, माझ्याकडे देण्यासारखं आहे असं धरून चालणारं, हे एकच माणूस होतं. मी डब्यातून दोनशे काढून दिले. त्यांनी मोजले आणि वही पुढे केली.

असे चौसष्ट हप्ते झाले. बारा हजार आठशे. मग त्यांची बदली आली, दूर दक्षिणेकडच्या एका आश्रमात. त्यांच्यात असंच असतं. पत्र येतं आणि आठवड्यात निघायचं. त्यांचं सगळं सामान एका पिशवीत मावलं. जाताना त्यांनी ती छोटी वही माझ्या हातात दिली.

"पाच हजार दोनशे राहिले. आता मागायला कोणी येणार नाही. तूच बघ."

मी म्हटलं, "देईन सिस्टर."

"ते मला माहीत आहे. मला सांगू नको, सांगून मोकळी झालीस की विसरशील." आणि टेम्पोत चढल्या. पायात कुणाच्या चपला होत्या ते मी बघितलं नाही, डोळे भरले होते.

मी घरी डब्यात दोनशे-दोनशे टाकायला लागले, एकदम नेऊन देऊ म्हणून. डब्यात चार हजार झाले आणि लॉकडाऊन लागला. आश्रमाने बाहेरच्या माणसांना दार बंद केलं, म्हाताऱ्यांच्या जीवासाठी ते बरोबरच होतं. नवऱ्याची नोकरी गेली. डबा रिकामा झाला. त्याच काळात ड्रायव्हरचा फोन आला, की सिस्टर तिकडे वारल्या. मी फोन ठेवला आणि पहिला विचार आला तो असा, की आता ते पैसे कुणाला द्यायचे राहिले? मला माझीच लाज वाटली. पण विचार आला हे खरं, म्हणून लिहिते.

पुढे माझे गुडघे गेले. लॉन्ड्री सुटली. आता घरी बसून साड्यांना फॉल लावते. एका साडीमागे जे मिळतं त्यातून थोडं बाजूला काढायचं. पोर म्हणाली, "आई, आता कोण विचारणार आहे तुला? ज्यांना माहीत होतं त्या गेल्या." मी म्हटलं, "मला माहीत आहे ना." तिला ते पटलं नाही. तिने वाद घातला नाही, पण दिवाळीला साडी आणायच्या ऐवजी पाचशे रुपये त्या डब्यात टाकले. मी ते काढून तिला परत दिले. तिचे नव्हते द्यायचे.

गेल्या महिन्यात पाच हजार दोनशे पुरे झाले. मी पुढच्या दाराने आश्रमात गेले.

मदर नवीन आहेत, तरुण, केरळच्या. मराठी थोडं समजतं, बोलतात हिंदी. मी त्यांच्यासमोर पैसे ठेवले आणि सगळं सांगितलं. सांगायला वेळ लागला, पण सांगितलं. त्यांनी कपाटातून जुनी वही काढवली, बोट फिरवत पान शोधलं आणि माझ्याकडे हसून बघितलं.

"अम्मा, इधर तो माफ लिखा है. कितने साल हो गए. कुछ बाकी नहीं है. आप ये पैसा रखो, घुटने का दवाई करो."

"मदर," मी म्हटलं, "वहीत माफ लिहिलं होतं. मी माफी घेतली नव्हती."

त्यांना कळलं नाही असं वाटून मी परत सांगणार होते. पण त्यांना कळलं होतं. त्यांनी वही मिटली. मग नोटा पुढे ओढल्या आणि मोजायला लागल्या. माझ्या नोटा बहुतेक दहा-वीसच्या, वेळ लागला. एक नोट चुकून दोनदा मोजली, तेव्हा मी सांगितलं. त्यांनी पुन्हा पहिल्यापासून मोजल्या.

"पाँच हज़ार दो सौ. ठीक है."

त्यांनी पावतीपुस्तक काढलं. त्यावर वर मोठ्या अक्षरांत 'दान' छापलेलं असतं. त्या माझं नाव लिहायला लागल्या.

"मदर, दान नाही."

त्यांनी वर बघितलं. मी बोट ठेवून दाखवलं. त्यांनी छापलेल्या शब्दावर आडवी रेघ मारली आणि मला विचारलं, मराठीत कसं लिहायचं. मी सांगितलं, त्यांनी एकेक अक्षर जुळवत लिहिलं: परतफेड, अठरा हजार, पूर्ण. खाली सही केली, शिक्का मारला आणि पावती फाडून माझ्या हातात दिली.